मुलं आहेत, नंतर बोलू

गेल्या मे महिन्यात आमच्या इमारतीच्या गच्चीवर, पाण्याच्या दोन टाक्यांच्या मध्ये पांढरी चादर ताणून, मुलांसाठी ‘स्पाय किड्स’ लावला होता. प्रोजेक्टर कुणाच्या तरी ऑफिसातून उसना आणलेला, स्पीकर गणपतीतला, खाली सतरंज्या आणि वीस-बावीस पोरं. हेर आईबापांच्या दोन मुलांचा हा अमेरिकी सिनेमा २००१ सालचा. त्यातली कॉम्प्युटरची करामत आज बघताना हसू येतं, तरी दीड तासात एकही पोर पाणी प्यायला उठलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी जिन्यात सभा भरली. दुसऱ्या मजल्यावरचे काका म्हणाले, “दाराआडून ऐकायचं, आईबापांच्या सामानात उचकापाचक करायची, खोटी नावं सांगायची, हे शिकवायला चादर बांधली होती होय?” त्यांना उत्तर द्यायला एक तरुण बाबा पुढे झाले. “काका, सिनेमा आहे तो. दोन तास पोरांच्या हातात मोबाइल नव्हता, एवढं पुरे नाही का?” तिसऱ्या कुणी तरी शिवचरित्राचं नाव काढलं, चौथ्याने ‘आमच्या लहानपणी’ सुरू केलं, आणि वाद नेहमीच्या दोन खड्ड्यांत जाऊन पडला. एका बाजूला संस्कार, दुसऱ्या बाजूला विरंगुळा. महिनाभर तो तिथेच लोळत होता.

मला दोन्ही बाजू चुकीच्या वाटतात, आणि गंमत म्हणजे दोघांची चूक एकच आहे. काकांना वाटतं, मुलं हेरगिरीला भुलली. बाबांना वाटतं, मुलं पळापळीला आणि यंत्रांच्या चमत्कारांना भुलली. सिनेमात काही म्हणणं असेल, आणि ते मुलांना नेमकं कळलं असेल, ही शक्यता दोघांनीही मोजली नाही. माझं म्हणणं असं, की आख्खं कुटुंब हेर असल्याची गोष्ट मुलांना खेचते ती त्यातल्या प्रश्नामुळे: या घरात कुणाला काय माहीत आहे, आणि मला ते का सांगितलेलं नाही? हा प्रश्न प्रत्येक मूल रोज जगत असतं. मोठ्यांचं बोलणं ते खोलीत शिरलं की थांबतं. फोनवर आईचा आवाज अचानक खाली जातो. ‘मुलं आहेत, नंतर बोलू’ हे वाक्य मराठी घरात जेवढ्या वेळा उच्चारलं जातं तेवढं क्वचितच दुसरं एखादं जात असेल, आणि ते मुलांसमोरच उच्चारलं जातं. चोरून ऐकायला मुलांना सिनेमाने शिकवावं लागत नाही. ते शिक्षण आपण घरीच, विनामूल्य आणि रोजच्या रोज देतो.

सिनेमा काय आहे ते थोडं नीट बघू, कारण वादात भाग घेणाऱ्या निम्म्या मंडळींनी तो पाहिलेला नसतो. ग्रेगोरिओ आणि इन्ग्रिड कोर्टेझ हे दोन शत्रुपक्षांचे हेर. एकमेकांना संपवायची कामगिरी मिळालेली, त्याऐवजी प्रेमात पडून लग्न करतात, दोन मुलं होतात, आणि धोक्याची कामं सोडून टेबलावरचं काम पत्करतात. आई ही गोष्ट मुलांना झोपताना सांगते, पण ती आपलीच आहे हे सांगत नाही. मोठी कार्मेन आणि धाकटा जुनी यांच्या लेखी आईबाप म्हणजे रटाळ प्राणी. मग आईबाप पकडले जातात, आणि ज्याला आजवर काका म्हटलं तो सख्खा काका नसून राखणीला ठेवलेला हेर आहे हे मुलांना पळता पळता कळतं. कार्मेनचा विश्वासच बसत नाही, कारण आपले आईबाबा एवढे भारी असूच शकत नाहीत असं तिचं ठाम मत आहे. पुढे हेरांच्या लपायच्या सुरक्षित घराचं दार उघडायला तिला स्वतःचं पूर्ण नाव उच्चारावं लागतं. ते नाव आगगाडीच्या डब्यांसारखं लांबलचक आहे. आपल्याकडे नाव, वडिलांचं नाव आणि आडनाव असं तिन्ही एकदम कधी घेतलं जातं? शाळेच्या हजेरीत, आणि आई संतापली की. रागावताना वापरलं जाणारं ते नाव गुप्त दाराची किल्ली निघावी, ही कल्पना ज्याला सुचली त्याला मूल म्हणजे काय हे ठाऊक आहे.

ज्याला सुचली तो या सिनेमाचा लेखक-दिग्दर्शक रॉबर्ट रॉड्रिगेझ. टेक्सासमधल्या सॅन अँटोनिओचा, दहा भावंडांच्या घरात वाढलेला. पहिला सिनेमा त्याने सुमारे ७,००० डॉलरमध्ये उरकला होता, आणि तो मुळीच मुलांचा नव्हता. त्याच्या बाकीच्या बऱ्याच चित्रपटांत गोळ्या आणि रक्त यांचा सुकाळ असतो. एका चित्रपटात लहान मुलांना टक्सिडो घातलेले पाहिले आणि छोटे जेम्स बाँडच दिसायला लागले, तिथून या गोष्टीचं बी पडलं, असं तो सांगतो. सुमारे ३.५ कोटी डॉलर खर्चून केलेल्या या सिनेमाने जगभर १४ कोटींहून अधिक मिळवले. २०२४ च्या डिसेंबरात अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने जतन करण्याजोग्या २५ चित्रपटांच्या त्या वर्षीच्या यादीत त्याचं नाव घातलं. म्हणून तो थोर कलाकृती ठरतो असं मी म्हणणार नाही. पुढचे भाग तर उतरत्या भाजणीचे आहेत: तिसऱ्यात लाल-निळ्या काचांचा कागदी चष्मा, २०११ च्या चौथ्यात खरवडून वास घ्यायचं कार्ड. गोष्ट संपली की माणूस वासावर येतो.

पण पहिल्या भागात एक गोष्ट घडली होती, आणि ती मुलांच्या साहित्याच्या इतिहासात ठेवून पाहिली तर तिचं मोल कळतं. मुलांच्या साहसकथेचा जुना नियम असा, की पहिल्या दहा पानांत मोठ्यांची व्यवस्था लावायची. जर्मन लेखक एरिश केस्टनरचा एमिल, १९२९ सालचा. आई गावी राहते, पोरगा एकटा आगगाडीने बर्लिनला निघतो, कोटाच्या खिशात पैसे टाचणीने टोचून ठेवलेले. ते चोरीला जातात, आणि चोराचा माग काढते ती बर्लिनच्या रस्त्यांवरची पोरांची फौज. शेवटी नोटांवरची टाचणीची भोकंच पुरावा ठरतात. आपला फास्टर फेणे बघा. भा. रा. भागवतांचा हा बनेश फुरसुंगीचा, शिकायला पुण्यात, घरापासून लांब. सायकल आणि ‘ट्टॉक्’ एवढ्या भांडवलावर तो कुठेही जाऊ शकतो. या सगळ्या गोष्टींत शहर मुलांचं होतं. मोठी माणसं गाळली की साहस आपोआप सुरू व्हायचं, कारण दाराबाहेर रस्ता होता आणि मूल त्या रस्त्यावर जाऊ शकत होतं.

आज आमच्या इमारतीतलं कुठलं नऊ वर्षांचं पोर एकटं सायकल घेऊन चौकापर्यंत जातं? माझी मुलगी जात नाही. मीच जाऊ देत नाही, आणि त्याबद्दल मला फार अपराधी वाटतं असंही नाही, कारण चौक मी रोज बघतो. मग साहस जाणार कुठे? ते घरात शिरतं. हेर-कुटुंबाची गोष्ट ही मला दाराआड अडकलेल्या मुलाची साहसकथा वाटते. बाहेर जाता येत नसेल तर कपाटामागे भुयार हवं, न्हाणीघरात गुप्त कळ हवी. आणि आईबापांना कथेतून गाळता येत नसेल, कारण ते चोवीस तास डोक्यावर आहेत, तर निदान ते वेगळेच कुणी तरी निघावेत. रॉड्रिगेझने आईबापांना कथेबाहेर काढलं नाही, त्यांना कैदेत टाकलं. सोडवून आणायची वस्तू तेच झाले. मुलांच्या मनात यामुळे काय होत असेल याची कल्पना ज्याला रोज सोडवून आणलं जातं, म्हणजे बसथांब्यावरून, क्लासवरून, वाढदिवसाच्या पार्टीतून, त्यालाच करता येईल.

आता काकांचा मुद्दा. त्याची जिन्यातल्यासारखी टिंगल करणं सोपं आहे, पण त्याच्या पाठीशी काकांना वाटतं त्याहून मोठा आणि काळा इतिहास आहे. सत्तेने मुलांना खरोखर हेर केलं आहे. सोव्हिएत रशियात पावलिक मोरोझोव्ह नावाच्या उरल भागातल्या मुलाला १९३२ मध्ये मारण्यात आलं. त्याने स्वतःच्या बापाविरुद्ध सरकारकडे तक्रार केली होती आणि म्हणून नातेवाइकांनी त्याचा जीव घेतला, अशी अधिकृत कथा. त्या कथेतलं किती खरं याबद्दल इतिहासकारांना दाट शंका आहे, पण तिचा वापर मात्र पुरता खरा. त्याचे पुतळे उभे राहिले, आणि शाळाशाळांतल्या मुलांना तो आदर्श म्हणून शिकवला गेला. हे फक्त हुकूमशाहीत होतं असं समजायचंही कारण नाही. गुन्हेगारी टोळ्यांची माहिती काढण्यासाठी अल्पवयीन मुलांना छुपे खबरे म्हणून वापरायची पद्धत ब्रिटनमध्ये आहे, आणि ती बेकायदा नाही असा निकाल लंडनच्या उच्च न्यायालयाने २०१९ मध्ये दिला. ज्या मुलाचा जीव आधीच टोळीने धोक्यात घातलेला आहे, त्याला पोलिसांनी पुन्हा त्याच टोळीत पाठवायचं. यावर सिनेमा निघाला तर त्यात उडणारी पाठपिशवी नसेल. तेव्हा ‘हेरगिरी म्हणजे काय गंमत असते का?’ असं कुणी विचारलं तर प्रामाणिक उत्तर एकच: नसते.

पण मग सिनेमा या प्रश्नावर कुठल्या बाजूला उभा आहे, हे बघायला नको? त्यातल्या खलनायकांचा बेत काय आहे? जगातल्या पुढाऱ्यांच्या मुलांच्या हुबेहूब यांत्रिक प्रतिकृती बनवायच्या, खऱ्या मुलांच्या जागी त्या घराघरांत पेरायच्या, आणि त्यांच्याकरवी जग ताब्यात घ्यायचं. सांगितलेलं ऐकणारी, कधी प्रश्न न विचारणारी, घरातच बसलेली शत्रूची माणसं. पावलिकच्या पुतळ्याकडे बोट दाखवून ‘असे व्हा’ म्हणणाऱ्यांना हवं होतं ते मूल हेच. या सिनेमातलं सर्वांत भीतिदायक पात्र म्हणजे आज्ञाधारक मूल आहे, आणि हे बघून ज्यांच्या कपाळावर आठी उमटली त्यांनी आपली आठी कशासाठी आहे हे तपासावं. पावलिकच्या कथेत मूल घरातून निघून सरकारकडे जातं. इथे उलटा प्रवास आहे. शेवटी हेरसंस्था दोन्ही मुलांना कामगिरी देऊ करते तेव्हा ती अट घालतात: करू, पण आख्खं घर मिळून.

दिशा महत्त्वाची असते याचं आपल्या इतिहासात एक चांगलं उदाहरण आहे. १९३० च्या कायदेभंगाच्या वेळी अलाहाबादमध्ये बारा वर्षांच्या इंदिरेने वानरसेना जमवली. मुलं झेंडे शिवायची, निरोप पोचवायची, आणि पोलिस ठाण्याच्या आसपास खेळता खेळता आतलं बोलणं कानावर घेऊन कोणाला अटक व्हायची आहे ते कार्यकर्त्यांना आधी कळवायची. काटेकोर शब्दांत सांगायचं तर ही हेरगिरीच. दाराआडून ऐकणं तर नक्कीच. काकांना मी हे सांगितलं तेव्हा ते म्हणाले, “ते वेगळं. तो स्वातंत्र्यलढा होता.” अगदी बरोबर! म्हणजे आक्षेप चोरून ऐकण्याला नाहीच. कुणाचं, कुणासाठी आणि कुणाच्या सांगण्यावरून, याला आहे. मग वाद तिथून सुरू करू या ना.

आणि पाळतीचाच मुद्दा असेल, तर आजच्या मुलाची बाजू जरा बघा. मनगटावरचं घड्याळ ते कुठे आहे हे सांगतं. शाळेची बस कुठल्या वळणावर आहे हे आईच्या मोबाइलवर दिसतं. दिल्लीच्या सरकारी शाळांत २०१९ पासून वर्गात कॅमेरे बसले आणि वर्गाचं थेट चित्र पालकांना घरबसल्या दाखवायची योजना निघाली. आमच्या आवारातल्या सगळ्या कॅमेऱ्यांचं चित्र दुसऱ्या मजल्यावरच्या काकांच्याच मोबाइलवर येतं. चेंडू कुणाच्या काचेवर गेला हे त्यांना पोरांच्या आधी समजतं. ज्याच्याकडे दिवसभर कुणी ना कुणी बघत असतं, त्याला दीड तास बघणाऱ्याच्या जागी बसावंसं वाटलं, तर ही हेरगिरीची दीक्षा म्हणायची की थोडीशी फिट्टंफाट?

दुसरा आक्षेप जिन्यात कुणी घेतला नाही, पण मला तो सर्वांत जड वाटतो. हेर असलेले आईबाप खोटं बोलतात. वर्षानुवर्षं, स्वतःच्या मुलांशी, आणि हा सिनेमा त्या खोटेपणाला रंगीत कागदात गुंडाळतो. यातलं खरं चित्र जगाने १ ऑगस्ट २०२४ च्या रात्री पाहिलं. स्लोव्हेनियात अर्जेंटिनाचं जोडपं म्हणून राहणारे दोन रशियन हेर कैद्यांच्या अदलाबदलीत सुटले आणि शाळकरी वयाच्या आपल्या दोन मुलांसह विमानाने मॉस्कोला आले. विमानतळावर पुतिन स्वागताला उभे. मुलांना ते स्पॅनिशमध्ये ‘शुभ रात्री’ म्हणाले, कारण मुलांना रशियन येतच नव्हतं. आपण रशियन आहोत हे मुलांना विमान तुर्कस्तानातल्या अंकाऱ्याहून उडाल्यावरच कळलं, असं क्रेमलिनच्या प्रवक्त्यांनीच दुसऱ्या दिवशी कौतुकाने सांगितलं. आपल्याला भेटायला आलेला हा माणूस कोण, असंही त्या मुलांनी आईबापांना विचारलं म्हणे. विमानाच्या खिडकीबाहेर ढग, हातात बहुधा रसाचा पेला, आणि आई सांगते आहे की आपलं आडनाव ते नाही, आपली भाषा ही नाही. ‘स्पाय किड्स’मधल्या मुलांना त्यांचं गुपित कळतं तेव्हा पार्श्वसंगीत वाजतं. तिथे काय वाजलं असेल?

मी हा आक्षेप मान्य करतो, अर्ध्यापर्यंत. सिनेमा या जखमेवर फुंकर घालतो हे खरं. पण जखम आहे हे तो लपवत नाही. गोष्टीतली सगळी संकटं येतात ती एकाच कारणाने: सांगायला हवं होतं ते वेळेवर सांगितलं गेलं नाही. सुरुवातीला जे चारजण एका टेबलाभोवती परक्यांसारखे बसतात, तेच सगळं उघड झाल्यावर पहिल्यांदा कुटुंबासारखे दिसतात. शिवाय, लपवाछपवी ही काय हेरांचीच मिरास आहे? कर्ज झालेलं मुलांना सांगत नाहीत. आजोबांच्या पोटात गाठ निघाली तर ‘ते गावी गेलेत’ असं सांगतात. घटस्फोटाचे कागद झाल्यावर सहा महिने ‘बाबा ऑफिसच्या कामाला पुण्यात असतात’ हे चालू राहतं. मूल दत्तक घेतलेलं असेल तर ते त्याला शेजारच्या पोराकडून भांडणात कळतं. या प्रत्येक घरात मुलं आधीच हेर असतात. पुरावे गोळा करत असतात, दोन फोनकॉल जोडून निष्कर्ष काढत असतात, आणि बहुतेकदा वस्तुस्थितीपेक्षा भयंकर निष्कर्ष काढतात. माझ्या लहानपणी आमच्याकडे पाहुणे आले की आम्ही भावंडं ‘च’ची भाषा बोलायचो, ‘घरी’चं ‘चरीघ’ करून. मोठ्यांना कळू नये म्हणून नव्हे. त्यांना ती आमच्याहून चांगली यायची. त्यांच्याकडे न कळणारी इंग्रजी होती, तर आमच्याकडेही काही तरी असावं म्हणून.

हिंसेचा मुद्दा थोडक्यात उरकतो, कारण तो सगळ्यात जास्त बोलला जातो आणि त्यात या सिनेमापुरतं दाखवण्यासारखं सगळ्यात कमी आहे. इथले पहारेकरी म्हणजे हातापायांच्या आणि डोक्याच्या जागी अंगठे असलेले ओबडधोबड प्राणी आहेत. रक्त नाही, मुडदा नाही. हे बघून पोरं छतावरून उड्या मारतील ही भीती मात्र जुनी आहे. नव्वदच्या दशकाच्या शेवटी ‘शक्तिमान’बद्दल तशा बातम्या आल्या होत्या, गदारोळ झाला होता, आणि मालिकेच्या शेवटी शक्तिमानला दर वेळी दोन समजुतीच्या गोष्टी सांगाव्या लागायच्या. अमेरिकेत १९५४ मध्ये कॉमिक्सवर हेच बालंट आलं, सिनेटपुढे सुनावण्या झाल्या आणि प्रकाशकांनी स्वतःवर नियमावली लादून घेतली. मुलं बिघडायची ती त्यानंतरही ठरल्या वेळी बिघडत राहिली. एक दोष मात्र मी विनातक्रार कबूल करतो: जाहिरात. सुरक्षित घरात भुकेली कार्मेन एक चपटं पाकीट यंत्रात घालते आणि क्षणात मॅकडोनाल्ड्सचं गरमागरम जेवण बाहेर येतं. एवढ्या कल्पक माणसाला चमत्कार म्हणून हे सुचावं? आमच्या गच्चीवर त्या क्षणी सगळ्यात मोठा गलका झाला, आणि मला पहिल्यांदाच काकांची बाजू घ्यावीशी वाटली.

राहिला शिवचरित्राचा मुद्दा, म्हणजे ‘परक्यांचं कशाला?’. तो काढणारे सद्‍गृहस्थ माझ्याच बाजूचा उत्तम साक्षीदार घेऊन आले आहेत हे त्यांना माहीत नाही. शिवाजी महाराजांच्या गोष्टींत पोरांना सगळ्यात जास्त कोण आवडतं? लढाया ऐकतात, पण डोळे चमकतात ते बहिर्जी नाईक आला की. सुरतेत अगणित द्रव्य आहे ही खबर घेऊन येणारा बहिर्जी सभासदाच्या बखरीत आहे. बाकी वेशांतराच्या गोष्टी लोकांनी तीनशे वर्षं हौसेने वाढवल्या. त्या काळचा नजरबाज हा शब्दच किती सुंदर आहे! दिवाळीत किल्ला करताना बघा. बुरूज, तटबंदी, आळीव पेरून केलेली शेतं हे बाबा करत असतात. पोरगं विचारतं ते चोरदरवाज्याचं: तो कुठे काढायचा, आणि भुयार कुठे निघणार. माझ्या मुलीने गेल्या वर्षी चिखलातून प्लॅस्टिकची नळी आरपार घालून भुयार केलं, आणि मग त्याचं तोंड दगडाने बंद केलं, कुणाला दिसू नये म्हणून. किल्ला बघायला आलेल्या एकालाही तिने ते दाखवलं नाही. हे तिला टेक्सासच्या माणसाने शिकवलेलं नाही.

तो टेक्सासचा माणूसही या प्रश्नाला सामोरा गेलाच होता. कुटुंब लॅटिनो कशाला, अमेरिकन का नको, असं स्टुडिओने विचारलं. त्यावर, ते अमेरिकनच आहेत, आणि जेम्स बाँड बघायला माणसाने ब्रिटिश असावं लागत नाही, असं उत्तर दिल्याची आठवण तो सांगतो. जेवढं घर विशिष्ट, त्याच्या चालीरीतींचं, त्याच्या काकांचं आणि रुसलेल्या भावांचं, तेवढं ते दुसऱ्याला आपलं वाटतं. ही गोष्ट मराठीत करायला कुणी अडवलंय? फास्टर फेणे १९८७ मध्ये दूरदर्शनवर आला तेव्हा तो शाळकरी पोरगा होता. २०१७ मध्ये तो चित्रपटात आला तेव्हा वैद्यकीय प्रवेशपरीक्षेला बसणारा तरुण झाला होता. चित्रपट चांगला होता, मला आवडला. पण तो मला आवडला, हेच त्याचं दुखणं. लहानपणी पुस्तकं वाचलेल्या चाळिशीतल्या माणसांना त्यांचा नायक परत मिळाला, आणि नऊ वर्षांच्या पोराच्या वाट्याचा तेवढा गेला. परक्यांचं नको म्हणणाऱ्यांनी आपलं काय ठेवलंय ते आधी दाखवावं.

सिनेमाच्या दुसऱ्या दिवशी, जिन्यात सभा चालू असताना, माझी मुलगी स्वयंपाकघरात तिच्या आजीच्या मागे लागली होती. तू लग्नाआधी कोण होतीस, खरं सांग. माझी आई भाकरी थापत होती. म्हणाली, “कोण असणार? नोकरी करत होते.” मग दोन भाकऱ्या झाल्यावर, तव्याकडेच बघत, म्हणाली की आणीबाणीत वर्षभर सायक्लोस्टाइल केलेली पत्रकं पिठाच्या डब्यात, पिठाखाली, घालून एका घरून दुसऱ्या घरी पोचवायची. वर दोन बोटं पीठ आणि खाली कागद. एकदा बसमध्ये पोलिसाने डबा उघडायला लावला होता, आणि ही म्हणाली होती, दळणाचा आहे, हात लावाल तर विटाळेल. चाळीस वर्षांत मी हे ऐकलं नव्हतं. मी दारात उभा होतो. कधी बोलली का नाहीस, असं विचारलं तर म्हणाली, “कोणी विचारलं?”

मुलीला एव्हाना भाकरीची शुद्ध राहिली नव्हती. कुणाकडून घ्यायचीस, कुणाला द्यायचीस, नाव काय त्यांचं? आईने हात धुतले, पदराला पुसले, दाराबाहेर जिन्यात काकांचा आवाज चढलेला होता तिकडे एकदा बघितलं, आणि म्हणाली, “नाव नाही सांगायचं.”

मुलीने मान डोलावली आणि उठून स्वयंपाकघराचं दार लोटून घेतलं. मी बाहेर राहिलो.